बालकथाकथन स्पर्धेच्या संयोजकांना खुले पत्र: म्हातारीकडे तात्पर्य मागू नका

प्रति,
संयोजक आणि परीक्षक मंडळी,
आंतरशालेय बालकथाकथन स्पर्धा

सप्रेम नमस्कार.

यंदाच्या स्पर्धेचं नियमपत्रक आमच्या गावच्या वाचनालयात आलं. मी ते सूचनाफलकावर लावलं आणि संध्याकाळपर्यंत चार-पाच मुलं तोंडं पाडून माझ्या टेबलापाशी येऊन उभी राहिली. वेळ पाच मिनिटं, हातात कागद नको, अर्जावर शाळेचा शिक्का हवा, याला कुणाची हरकत नाही. पण पुढच्या अटी वाचल्यावर त्यांनी तयार केलेल्या गोष्टींपैकी एकही उरत नव्हती. गोष्टीच्या शेवटी तात्पर्य सांगितलंच पाहिजे. भूत, राक्षस, चेटकीण, मारणं, खाणं यांचा उल्लेख नको. सावत्र आई, सवत अशी ‘नकारात्मक नाती’ नकोत. आणि सगळं प्रमाण मराठीत.

तुम्ही ही स्पर्धा पदरमोड करून भरवता हे मला ठाऊक आहे. एसटीच्या वेळा सांभाळत वाडीवस्तीवरची मुलं तालुक्याला आणणं, त्यांच्या नाश्त्याची सोय बघणं, हे काम येरागबाळ्याचं नाही. तेव्हा हे पत्र भांडणासाठी नाही. अगदीच नाही असंही नाही. उघड अशासाठी लिहिते आहे की हाच नियम आता शाळांच्या स्नेहसंमेलनात, बालवाडीत आणि आईबापांच्या डोक्यातही शिरलाय. गोष्ट म्हणजे औषध, आणि तात्पर्य म्हणजे त्याचा डोस.

गेल्या वर्षी आमच्याकडची पाचवीतली एक मुलगी तुमच्या व्यासपीठावर भोपळ्यातल्या म्हातारीची गोष्ट सांगून आली. छान सांगितली. संपल्यावर परीक्षकांनी विचारलं, ‘बाळ, यातून काय बोध घ्यायचा?’ ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, ‘वाघाला उद्या ये म्हणायचं.’ सभागृह हसलं. तात्पर्याचे गुण गेले.

त्या दिवशी तिथे जे जे बोललं गेलं, त्यात सगळ्यांत शहाणं वाक्य ते होतं असं माझं मत आहे, आणि ते का, हे सांगण्यासाठी मला थोडं लांबून यावं लागेल.

गोष्ट तुम्हाला पाठ आहे, पण पहिल्यांदा ऐकत असल्यासारखी ऐका. म्हातारी वाळून काटकी झालेली, रानातून लेकीकडे निघालेली. वाटेत वाघ. ‘म्हातारे, तुला खातो.’ म्हातारी पळत नाही, देवाचा धावा करत नाही, कुठला राजपुत्र येत नाही. ती व्यवहार मांडते. आत्ता खाल्लंस तर नुसती हाडं मिळतील. लेकीकडे जाते, तूप-रोटी खाते, जाडजूड होऊन येते, मग खा. वाघाला पटतं. परतीच्या वाटेवर ती भोपळ्यात बसते आणि आतून म्हणते, म्हातारीबितारी मला नाही ठाऊक, चल रे भोपळ्या टुणूक टुणूक. म्हणजे दिलेला शब्द मोडते, वर खोटं बोलते, आणि आपण सगळे बिनदिक्कत तिच्या बाजूने असतो. आता काढा तात्पर्य. ‘नेहमी खरे बोलावे’ बसत नाही. ‘दिलेला शब्द पाळावा’ तर मुळीच नाही. ‘संकटात युक्तीने वागावे’ हे बसतं, पण त्यात म्हातारीही नाही, वाघही नाही, तूप-रोटी तर नाहीच. त्यापेक्षा मुलीचं उत्तर नेमकं आहे. आज नाही, उद्या ये. ज्याच्या हातात काठीशिवाय काही नाही, त्याच्यापाशी वेळकाढूपणा हे एकच हत्यार असतं. शहरजादने बादशहासमोर हजार रात्री दुसरं काय केलं?

ही म्हातारी आपल्या एकट्याची नाही. बंगालमध्ये ती भोपळ्याच्या जागी दुध्यात बसून घरंगळत येते आणि शेवटी तिचे कुत्रे तिच्या मदतीला धावतात. इराणमध्येही ती लेकीकडे जाते, तिथे पुलाव खाऊन लठ्ठ होते आणि भोपळ्यातूनच परतते. पंजाबात म्हातारीऐवजी कोकरू आहे. ते आजीकडे चरून माजतं आणि येताना एका ढोलक्यात बसतं. ते ढोलकं त्याच्या मेलेल्या भावाच्या कातड्याचं केलेलं असतं. (तुमच्या दुसऱ्या अटीत हे कोकरू तर दारातूनच परत जाईल.) जगभरच्या लोककथांची एक मोठी यादी आहे. फिनलंडच्या आन्ती आर्नेने १९१० साली ती सुरू केली, अमेरिकेच्या स्टिथ थॉम्पसनने वाढवली, २००४ साली जर्मनीच्या हान्स-यॉर्ग ऊथरने पुन्हा नीट लावली. त्या यादीत १२२ एफ या क्रमांकावर एक प्रकार नोंदलेला आहे: ‘मी जाडजूड होईपर्यंत थांब’. एवढंच. शंभर वर्षं हजारो गोष्टी चाळणाऱ्या पंडितांनी जे नाव दिलं, ते आमच्या पोरीने व्यासपीठावर उभ्या उभ्या सांगितलं होतं. त्या यादीत तात्पर्याचा रकाना नाही.

मग गोष्टीला अर्थच नसतो का? असतो, पण तो तळाशी एका ओळीत लिहिलेला नसतो. ऐकणाऱ्या घराप्रमाणे तो बदलतो. आमच्याकडेच बघा. माझी आजी ‘तूप-रोटी’ म्हणायची. घरात रोटी कधी लाटली गेली नव्हती, भाकरी ती तांदळाची आणि तीही पावसाळ्यात मोजून. ही गोष्ट घाट उतरून आली असणार, आणि येताना तिकडचं जेवण घेऊन आली. आजीने ते बदललं नाही, कारण दुसऱ्या मुलखातलं जेवण जास्त चविष्ट लागतं. शिवाय जुन्या पिढीत कितीतरी घरांत लेकीच्या घरचं अन्न घेत नसत, निदान नातवंड होईपर्यंत तरी नाहीच. त्या बायकांच्या तोंडी ही गोष्ट होती. लेकीकडे जाऊन पोटभर खाणारी, अंगाने भरून परत येणारी आई, हे त्यांच्या लेखी केवढं मोठं स्वप्न असेल! वाघापेक्षा मला त्या गोष्टीत ती भूक जास्त दिसते. आणि म्हातारीला मुलगा नाही का, ती एकटी रानातून का निघाली? मी हा प्रश्न मुलांना विचारला होता. एकाने लगेच सांगितलं, ‘तो मुंबयक असतलो.’ गिरण्यांच्या काळापासून ज्या किनाऱ्यावरचे बाप्ये मुंबईला आणि घरं बायकांच्या हवाली, तिथल्या मुलाला यात नवल वाटण्यासारखं काहीच नव्हतं.

हा माझा आणि त्या मुलाचा अर्थ. तोच खरा असं मी म्हणणार नाही, कारण परीकथांचे अर्थ लावताना भल्याभल्यांची कशी फजिती होते हे मला ठाऊक आहे. लाल टोपीवाल्या मुलीच्या गोष्टीवर एरिक फ्रॉम या मानसशास्त्रज्ञाने लिहिलं आहे. त्याने टोपीच्या लाल रंगात मुलीचं वयात येणं पाहिलं, तिच्याजवळच्या बाटलीतही तसलाच अर्थ शोधला. १९८४ साली रॉबर्ट डार्न्टन या इतिहासकाराने त्याला धरलं: फ्रान्सच्या शेतकऱ्यांच्या तोंडी जी गोष्ट होती तिच्यात टोपीच नाही, आणि ती जपून न्यायची बाटलीही नाही. जे गोष्टीत नव्हतंच, त्याचा अर्थ लावून झाला होता! याउलट इव्होन व्हेर्दिए या अभ्यासिकेचं काम बघा. त्या गावरान गोष्टीत लांडगा मुलीला विचारतो, तू कुठल्या वाटेने जाणार, टाचण्यांच्या की सुयांच्या? हे काय गौडबंगाल आहे हे कुणाला कळत नव्हतं. व्हेर्दिएने त्या मुलखातल्या बायकांचं आयुष्य पाहिलं. वयात येणाऱ्या मुलींना एक हिवाळा शिवणकाम करणारीकडे धाडायची तिथे चाल होती. टाचण्या-सुया तिथून आल्या. अर्थ लावायचा तर असा, गावात जाऊन.

त्या गावरान गोष्टीबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण तुमच्या नियमपत्रकाचं उत्तर तिच्यातच आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ती मध्य फ्रान्समध्ये लोकांच्या तोंडून उतरवून घेतली गेली, पण तोंडोतोंडी ती त्याच्या कितीतरी आधीपासून चालत आली असं अभ्यासक मानतात. लांडगा आधी पोचून आजीला मारतो, तिचं थोडं मांस फडताळात आणि रक्त बाटलीत ठेवतो. मुलगी येते, भुकेली असते, नकळत ते खाते. मग लांडगा तिला अंथरुणात बोलावतो. आजी, तुझे खांदे केवढे, तुझे कान केवढे, अशी विचारपूस होते आणि तोंडापाशी येताच मुलीच्या लक्षात येतं. ती ओरडत नाही. ती म्हणते, आजी, मला बाहेर जायचंय. लांडगा म्हणतो, अंथरुणातच कर. नाही गं, बाहेरच जायचंय. लांडगा तिच्या पायाला लोकरीचा दोर बांधून सोडतो. मुलगी अंगणात जाऊन तो दोर आलुबुखाराच्या झाडाला बांधते आणि घरी पळते. लांडगा आतून विचारत राहतो, झालं का? ही गोष्ट मी वाचनालयात सांगितली तेव्हा ‘झालं का?’ला मुलं अशी काही हसली की बाजूच्या खोलीत वर्तमानपत्र वाचणारी मंडळी डोकावली.

बघा, पुन्हा तेच. आत्ता नको, थोडं थांब, आलेच मी. रानातली म्हातारी आणि फ्रान्सची ही पोर एकाच शाळेत शिकलेल्या.

आता तिचं पुढे काय झालं ते ऐका. चौदाव्या लुईच्या कारभारात मोठ्या हुद्द्यावर काम केलेला शार्ल पेरो १६९७ साली ही गोष्ट छापतो. दरबारी वाचकांसाठी तो ती धुऊन काढतो. आजीचं मांस जातं, बाहेर जायचं निमित्त जातं, दोर जातो. मुलीच्या डोक्यावर लाल टोपी येते, आणि शेवटी लांडगा तिला खातो. संपलं. खाली पद्यात तात्पर्य: देखण्या, कुलीन मुलींनी वाटेल त्याचं ऐकू नये, गोडबोले लांडगे सगळ्यांत घातकी. पुढे जर्मनीच्या ग्रिम बंधूंच्या १८१२च्या संग्रहात ती येते तेव्हा एक शिकारी पाठवून मुलीला आणि आजीला लांडग्याच्या पोटातून बाहेर काढलं जातं, आणि मुलगी ठरवते की आईने नको म्हटलं तर पुन्हा वाट सोडायची नाही. हिशेब करा. मूळ गोष्टीत मुलगी स्वतःच्या अकलेने सुटते. पहिल्या सफाईत ती मरते, दुसऱ्या सफाईत तिला एक पुरुष वाचवतो. तात्पर्य मात्र दोन्हीकडे ठणठणीत आहे. तात्पर्य लिहायला जागा हवी होती, म्हणून मुलीची अक्कल काढून टाकली.

हीच माझी मुख्य तक्रार आहे. गोष्ट स्वच्छ करायला बसलेली मोठी माणसं घाण काढतो म्हणतात आणि नेमकं दुबळ्याचं शहाणपण काढून टाकतात. बेडूक-राजाची गोष्ट घ्या. ग्रिम बंधूंकडे राजकन्या बेडकाचा मुका घेत नाही. चिडून त्याला भिंतीवर आपटते, आणि तेव्हा तो राजपुत्र होतो. मुका नंतरच्या सांगणाऱ्यांनी आणला. एका मुलीचा राग कुणाला तरी सोसला नाही.

ग्रिम बंधूंच्या नावाने पुष्कळ गैरसमज आहेत. ते खेडोपाडी हिंडून म्हाताऱ्यांकडून गोष्टी गोळा करत होते असं चित्र आपल्या मनात असतं. प्रत्यक्षात त्यांना गोष्टी सांगणाऱ्या बऱ्याच जणी कासेल शहरातल्या शिकल्यासवरलेल्या तरुण मुली होत्या, त्यांतल्या काहींच्या घरी फ्रेंच बोललं जाई. ज्या डोरोथेआ फीमानला त्यांनी आदर्श शेतकरीण म्हणून मिरवलं, ती खाणावळवाल्याची मुलगी आणि शिंप्याची बायको होती. पहिला खंड १८१२चा, दुसरा १८१५चा, आणि विल्हेल्म ग्रिम १८५७च्या सातव्या आवृत्तीपर्यंत कात्री-सुई घेऊन बसला होता. पहिल्या आवृत्तीत मनोऱ्यातली रापुंझेल भाबडेपणाने विचारते, माझे कपडे अंगाला घट्ट का होऊ लागलेत? तो प्रश्न पुढे काढला गेला.

आणि सावत्र आई! तिच्यावर तुमची बंदी आहे, पण तिला गोष्टीत आणलं कुणी? हिमगौरीचा जीव घ्यायला निघालेली राणी पहिल्या आवृत्तीत तिची सख्खी आई होती. १८१९ साली ती सावत्र झाली. हान्सेल आणि ग्रेटेलला रानात सोडा म्हणणारीही सख्खीच. ती १८४० साली सावत्र झाली. घरात खायला नाही आणि दोन तोंडं कमी करायची आहेत, ही त्या गोष्टीतली खरी भीती. दुष्काळात आई असं करू शकते हे विल्हेल्मला बघवेना. त्याने आईला वाचवलं आणि बिल सावत्र आईच्या नावावर फाडलं. आता दोनशे वर्षांनी तुम्ही तिलाही बाहेर काढताय. उद्या कोण उरेल? घरात भाकरी नाही हे कुणी सांगायचंच नाही का?

या सगळ्या सफाईत काय शिल्लक राहिलं तेही बघा. एका ज्यू माणसाला काटेरी झुडपात नाचायला लावून शेवटी फाशी देण्याची एक विषारी गोष्ट ग्रिमच्या संग्रहात सातव्या आवृत्तीपर्यंत सुखाने नांदली. रापुंझेलचे घट्ट कपडे खटकले, हे नाही खटकलं. म्हणून मी नियमांवर विश्वास ठेवत नाही. गाळणी मीही लावते, उगाच साळसूदपणा कशाला? गोरी ती चांगली आणि काळी ती चेटकीण, अशा गोष्टी मी मुलांना सांगत नाही. अमुक जातीचा म्हणून लबाड, असल्या तर नाहीच. पण वाघाने खाल्लं, राक्षस मेला, हे मी गाळत नाही.

तुम्ही म्हणाल, तात्पर्य ही तर आपलीच परंपरा आहे, पंचतंत्र आहे. आहे ना. पण पंचतंत्रातली नीती म्हणजे राजपुत्रांना शिकवलेलं राजकारण. कुणावर विश्वास ठेवू नये, मित्र कसा फोडावा, बलाढ्य शत्रूला विहिरीत कसं वाकवावं. ते पुस्तक सहाव्या शतकात इराणच्या बादशहाकडे गेलं, आठव्या शतकात अरबीत उतरलं आणि तिथून युरोपभर फिरलं, ते काही ‘मोठ्यांचा मान राखावा’ या शिकवणुकीमुळे नाही. आणि आपण ज्याला तात्पर्य म्हणतो, ती गोष्टीखालची सुटी ओळ आपल्या शाळांमध्ये रुळली ती मुख्यतः इसापनीतीच्या वळणाने. सदाशिव काशीनाथ छत्र्यांनी १८२८ साली इसापच्या गोष्टी मराठीत आणल्या, आणि त्या काळच्या शाळांना असंच नीतीचं पुस्तक हवं होतं. इसापच्या गोष्टींनासुद्धा ती ओळ नंतरच्या संग्राहकांनी जोडलेली आहे.

आमच्या घरात जी गोष्ट खरोखर काही ‘देण्यासाठी’ सांगितली जाते, ती श्रावणातली कहाणी. आटपाट नगर होतं. तिथे एक आवडती राणी, एक नावडती. (सवत आलीच, तेव्हा कहाणीही स्पर्धेतून बाद.) तिचा शेवट कसा होतो? जसा तिला देव पावला, तसा तुम्हां आम्हां पावो. ही साठा उत्तराची कहाणी पाचा उत्तरी सफळ संपूर्ण. हा उपदेश नाही, मागणं आहे. गोष्टीतलं भलं ऐकणाऱ्याच्या ओटीत यावं, एवढंच. ऐकणारीची परीक्षा कुणी घेत नाही.

आणि चिमणी-कावळ्याचं काय करणार? कावळ्याचं घर शेणाचं, चिमणीचं मेणाचं, पावसात कावळ्याचं वाहून जातं, तो दार ठोठावतो. चिमणी म्हणते, थांब, माझ्या बाळाला न्हाऊ घालू दे. थांब, तीट लावू दे. म्हातारी वाघाला म्हणाली तेच, फक्त दाराच्या आतून. इथे थांबवणारी सुरक्षित आहे आणि थांबणारा भिजतोय. ‘घर पक्कं बांधावं’ हे तात्पर्य मुलं पाठ म्हणून दाखवतात, पण मधल्या सुट्टीत विचारतात, तिने लगेच दार का नाही उघडलं? ज्या गावात दर पावसाळ्यात कुणाच्या तरी घराची कौलं उडतात, तिथल्या मुलाचा हा प्रश्न तुमच्या तात्पर्याच्या गुणांत कसा मावणार?

भुतांकडे वळते. तुमच्यातल्या एका सदस्यांनी फोनवर सांगितलं की अंधश्रद्धेला खतपाणी नको, जादूटोणाविरोधी कायदा आहे. त्या कायद्याची मी समर्थक आहे. २०१३ साली तो आला तो भोंदू लोकांचे अघोरी प्रकार आणि फसवणूक थांबवायला. मुलांनी खाडीकाठच्या गिऱ्ह्याची गोष्ट सांगू नये म्हणून नव्हे. गिऱ्हा पाण्यात ओढतो, चकवा रात्री वाट चुकवतो, आणि देवचार मात्र वेशीची राखण करत चुकलेल्या माणसाला घरापर्यंत सोडतो. आमच्या मुलांना भुतांमध्येही भलं-बुरं कळतं, ते त्यांना कुणी तक्त्यावर लिहून दिलेलं नाही. आरवलीच्या वेतोबाला लोक केळ्यांचे घड आणि हातभर लांबीच्या चामड्याच्या वहाणा वाहतात, कारण तो रात्री गावाच्या राखणीला फिरतो आणि वहाणा झिजतात. वेताळ भुतांचा राजा, आणि तोच गावाचा देव. तुमच्या अटीप्रमाणे त्याला कुठे बसवायचं, ते कळवा.

दशावतारात संकासुर येतो. काळा पोशाख, वेद चोरलेला राक्षस, आणि बोलतो फर्मास मालवणी. रात्री जत्रेत पुढच्या ओळीत घोंगडीवर कोण बसलेलं असतं? तुमच्या स्पर्धेतलेच स्पर्धक. पिंगुळीचे ठाकर कलावंत चित्रकथीची एकेक पोथी उलगडत रामायण सांगतात, त्यात डोकी उडतात, कुणी डोळे झाकत नाही. मूळच्या व्हिएन्नाच्या ब्रुनो बेटलहाइम या मानसशास्त्रज्ञाने १९७६ साली मांडलं की भीतीच्या गोष्टी मुलांना आतल्या भीतीशी झुंजायला मदत करतात. त्याचं सगळंच मला पटत नाही, तो प्रत्येक गोष्टीत मनोविश्लेषण कोंबतो, आणि त्याच्यावर नंतर टीकाही भरपूर झाली. पण मुलं राक्षसाची गोष्ट मागतात आणि ती ऐकून शांत झोपतात, हे कळायला मला व्हिएन्नाला जावं लागलं नाही. एखादं पोर खरंच घाबरतं. तेव्हा सांगणारा त्याचा चेहरा बघून आवाज उतरवतो, राक्षसाला ठेच लागते. ते सांगणाऱ्याच्या हातात राहू द्या.

राहिली भाषा. १८६५-६६च्या हिवाळ्यात मुंबईचा गव्हर्नर बार्टल फ्रियर दक्षिणेच्या दौऱ्यावर होता. बरोबर त्याची मुलगी मेरी, आणि मेरीची आया, ॲना लिबेराता डिसोझा. ॲनाचं घराणं मूळचं लिंगायत, आजोबा गोव्याकडे ख्रिस्ती झाले. प्रवासात वेळ जाईना म्हणून मेरीने गोष्टी सांग म्हटलं आणि ॲनाने आजीकडून ऐकलेल्या गोष्टी स्वतःच्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगितल्या. १८६८ साली त्यांचं पुस्तक लंडनला निघालं. भारतातल्या तोंडी गोष्टींच्या पहिल्यावहिल्या इंग्रजी संग्रहांत त्याची गणना होते. त्यात जादूगाराचा प्राण एका हिरव्या पोपटात आहे. नायक पोपटाचा एक पंख उपटतो, जादूगाराचा एक हात गळून पडतो. पाय उपटतो, पाय जातो. मान पिरगळतो, खेळ खलास. मेरीने आणखी एक चांगलं केलं. पुस्तकाच्या सुरुवातीला ॲनाची स्वतःची हकिगत, तिच्याच बोलण्यात, छापली. व्याकरण सुधारत बसली नाही.

आणि आपण? ‘माका खाव नको, चेडवाकडे जातंय, तूप-रोटी खातंय, जाडी होवन येतंय, मगे खा माका,’ असं म्हणणाऱ्या मुलाला आपण ‘मला खाऊ नकोस’ म्हणायला लावतो. म्हातारी तिथेच अर्धी मरते. वाघाशी सौदा करणारी बाई प्रमाणभाषेत अर्ज केल्यासारखी बोलू लागली तर वाघ थांबेल कशाला?

तेव्हा माझी मागणी अशी. तात्पर्याची अट आणि तिचे गुण दोन्ही काढा. ज्याला बोध सांगायचाच आहे त्याला सांगू द्या, पण विचारू नका. भूत-राक्षसांवरची बंदी उठवा. पहिली-दुसरीच्या गटापुरती काही मर्यादा ठेवायची असेल तर शिक्षकांशी बोलून ठेवा, माझी ना नाही. मालवणीला, आणि कुणाच्या घरात दालदी किंवा आणखी कुठली बोली असेल तर तिलाही, पूर्ण गुण द्या, आणि परीक्षकांत एक तरी माणूस असा ठेवा ज्याला ती कळते. तात्पर्याच्या रिकाम्या झालेल्या रकान्यात मुलांना एवढंच लिहू द्या: ही गोष्ट कुणाकडून ऐकली, आणि ते माणूस मूळ कुठल्या गावचं. पाच-सहा वर्षांत तुमच्या कपाटात तालुक्यातल्या गोष्टींची अशी नोंद जमेल जी आज कुणाकडेच नाही. नोंदी लावून, वही करून द्यायचं काम मी आणि आमचं वाचनालय फुकट करू.

प्रवेशअर्जांची मुदत दिवाळीच्या सुट्टीआधी संपते. मुलांनी आपापल्या गोष्टी धरून ठेवल्या आहेत, एकाने तर आजीला विचारून गिऱ्ह्याची गोष्ट पुन्हा नव्याने बांधली आहे, आणि ती कापून पाच मिनिटांत बसवण्याचं काम सध्या आमच्या व्हरांड्यात चालू आहे. नियम बदलणार असाल तर तेवढं आधी कळवा. बदलणार नसाल तरी कळवा, म्हणजे आम्ही त्याच दिवशी इथेच वाचनालयात गोष्टींची बैठक ठेवू, आणि परीक्षक म्हणून नव्हे, ऐकायला म्हणून, तुम्हाला आमंत्रण पाठवू.

आपली,
एका गावच्या वाचनालयाची ग्रंथपाल
वेंगुर्ले तालुका